फूटपाथवरचे ते गृहस्थ: शोधू का त्यांना?

ताई, नमस्कार.

मी डोंबिवलीला राहते. वय एकेचाळीस, बँकेत नोकरी, मुलगी शाळेत. माझ्या वडिलांना, अण्णांना, अन्ननलिकेचा कॅन्सर झाला होता. परळच्या टाटा हॉस्पिटलमध्ये उपचार चालले. भाऊ परदेशात असतो. तो पैसे पाठवायचा आणि रविवारी व्हिडिओ कॉल करायचा. बाकी सगळं माझ्याकडे.

गेल्या जुलैत अण्णा वॉर्डात होते. एका संध्याकाळी कुर्ला-सायनच्या रुळांवर पाणी आलं, गाड्या बंद झाल्या. रात्री अण्णांजवळ थांबायला माझा नवरा येणार होता, तो घरीच अडकला. नऊच्या सुमारास मी चहा घ्यायला खाली उतरले. समोरच्या फूटपाथवर ताडपत्रीखाली साठीचे एक गृहस्थ पुठ्ठा अंथरून बसले होते. मला उभी बघून ते सरकले आणि अर्धा पुठ्ठा मला दिला. बायकोच्या उपचारासाठी पश्चिम बंगालमधल्या मालद्याहून आले होते. डब्यात मोहरीचं तेल आणि हिरवी मिरची घातलेले मुरमुरे होते, ते झाकणात काढून माझ्यापुढे ठेवले. मी दोन चहा आणले. बराच वेळ कुणीच काही बोललं नाही. मग माझ्या तोंडून निघून गेलं, "अब ये सब खतम हो जाए तो अच्छा. मुझे सोना है." ते माझ्याकडे न बघताच म्हणाले, "हम भी रोज बोलता है. फिर सुबह उसका दवाई का लाइन में खड़ा हो जाता है." थोड्या वेळाने ते उठून गेले. नावसुद्धा विचारायचं राहिलं.

अण्णा जानेवारीत गेले. ते गृहस्थ मात्र डोक्यातून जात नाहीत. त्यांच्या बायकोचं काय झालं असेल? तिचं नाव त्यांच्या बोलण्यात आलं होतं, जिल्हा माहीत आहे. ओळखीतून फाईल शोधता येईल का, फेसबुकवर टाकावं का, असं सारखं मनात येतं. नवऱ्याला यातलं काहीच सांगितलेलं नाही. एका अनोळखी पुरुषाजवळ मी असं काही बोलले, हे त्याला कसं वाटेल? काय करू? शोधू का त्यांना?

— एक वाचक, डोंबिवली

नमस्कार ताई,

आधी तुम्ही विचारलंय त्याचं उत्तर देते. नका शोधू.

ओळखीतून फाईल बघण्याचा विचार तर सोडूनच द्या. पेशंटची माहिती परस्पर तिसऱ्याला द्यायची नाही, हे डॉक्टरांच्या २००२ च्या आचारसंहितेत लिहिलेलं आहे, आणि कागदपत्रं सांभाळणाऱ्या माणसालाही ती परस्पर कुणाला दाखवता येत नाहीत. ज्याला तुम्ही हे काम सांगाल त्याची नोकरी धोक्यात येईल. शिवाय उद्या कुणी अण्णांची फाईल अशीच उघडून बघितली असती, अगदी चांगल्या हेतूने, तर तुम्हाला चाललं असतं का?

फेसबुकचंही तेच. 'मालद्याचे साठीचे गृहस्थ, पत्नीवर टाटामध्ये उपचार, पत्नीचं नाव अमुक' अशी पोस्ट लोक डोळे पुसत शेअर करतात. पण आजार त्या बाईंचा आहे. गावात त्यांनी काय सांगितलंय, कुणापासून काय लपवलंय, घरात कुणाचं लग्न ठरायचं आहे का, यातलं आपल्याला काहीच ठाऊक नाही. कॅन्सर म्हटलं की आपल्याकडेसुद्धा अजून आवाज खाली येतो. अण्णांच्या वेळी तुम्हीही चार ठिकाणी आजाराचं नाव न घेता वेळ मारून नेली असेल. ती मुभा त्यांनाही हवी.

आणि समजा, ते सापडले. तुम्ही फोन केलात. मालद्यातल्या घरी तो सुनेने उचलला आणि मुंबईहून कोणी बाई बोलतेय म्हणून सासऱ्यांना हाक मारली. त्यांची पत्नी गेली असेल, तर ती बातमी त्यांना घरातल्यांच्या देखत, परक्या भाषेत, तुम्हाला सांगावी लागेल. ती बरी असेल, तर ती तिथेच समोर बसलेली असेल आणि विचारेल, ही कोण? ते काय सांगणार? पावसात एका रात्री मी हिला म्हणालो होतो, की तुझं हे सगळं संपावं असं मला रोज वाटतं? तुम्ही जसं तुमचं बोलणं घरी सांगितलं नाहीत, तसं त्यांनीही सांगितलेलं नसणार. पुन्हा गाठ पडणार नाही या भरवशावर तुम्ही दोघं बोललात. तुम्ही त्यांचा पत्ता काढलात तर तुमच्या बाजूने तो भरवसा मोडेल.

त्यांच्या पत्नीचं काय झालं हे तुम्हाला कळणार नाही. हे सोपं नाही, मला मान्य आहे. काळजी वाटत राहील. वाटू द्या.

त्या रस्त्यावरच्या माणसांबद्दल मात्र थोडं बोलायला हवं. तुम्ही तिथे इतके महिने घाईत होतात, की आजूबाजूला बघायला तुम्हाला उसंत मिळाली नसणार. परळच्या त्या एवढ्याशा भागात केईएम १९२६ पासून उभं आहे, मुलांचं वाडिया १९२९ पासून आणि टाटा १९४१ पासून. टाटा हॉस्पिटल १९६२ साली केंद्राच्या अणुऊर्जा विभागाकडे गेलं, आणि आज बंगाल, बिहार, आसाम, उत्तर प्रदेशातल्या गावागावांत कॅन्सरचं नाव निघालं की पाठोपाठ 'बॉम्बे'चं नाव निघतं. आता वाराणसी, गुवाहाटी, मुझफ्फरपूरलाही टाटाची केंद्रं आहेत, तरी लोक इथे येतातच. मालद्याचा माणूस आधी हावड्याला आला आणि तिथून दुपारी गीतांजली एक्स्प्रेसमध्ये बसला, तर एक रात्र आणि पुढचा अख्खा दिवस काढून रात्री सीएसएमटीला उतरतो. बरोबर आजारी बायको, पिशवीत रिपोर्ट आणि ओळखीत कुणी नाही. दादरला गाडगे महाराजांच्या नावाची धर्मशाळा आहे, आणखीही काही आहेत, पण तिथे जागा मिळेपर्यंत नंबर लावून थांबावं लागतं. आणि उपचार काही आठवड्याभरात संपत नाहीत. केमो, मग तपासण्या, मग पुढची तारीख. गावी जाऊन परत यायला तिकिटाचे पैसे नसतात, म्हणून माणसं इथेच दिवस काढतात.

त्या फूटपाथवर कोरड्या पुठ्ठ्याला किती किंमत असते ते बघा. जुलैच्या पावसात तो रोज मिळत नाही. औषधाच्या दुकानाबाहेर खोकी टाकली की ती उचलायला माणसं थांबलेली असतात. रात्री त्यावर झोपायचं, सकाळी गुंडाळून भिंतीशी ठेवायचा आणि कुणी नेला नाही ना, हे मधूनमधून बघायचं. त्यातला अर्धा त्यांनी तुम्हाला दिला. तुमच्या पायात चपला ओल्या असणार, साडी किंवा ड्रेस खालून भिजलेला असणार, म्हणजे तो पुठ्ठा त्या रात्रीपुरता गेलाच. हे त्यांना कळत होतं. म्हणून त्या गृहस्थांबद्दल मला मनापासून आदर वाटला. तुम्ही त्यांना विसरू शकत नाही, यात मला नवल वाटत नाही.

अशा अनोळखी माणसाजवळच मन का मोकळं होतं, याचा विचार गेऑर्ग झिमेल या जर्मन समाजशास्त्रज्ञाने १९०८ साली मांडून ठेवला आहे. बाहेरून आलेल्या माणसाला लोक कधी कधी जवळच्यांपासून लपवलेली गोष्ट सांगून टाकतात, कारण तो आपल्या नात्यागोत्यात गुंतलेला नसतो. तुमच्या बाबतीत हे तंतोतंत लागू पडतं. भावाला तुम्ही ते वाक्य बोलला असतात, तर त्याला तो टोमणा वाटला असता. नवऱ्याला बोलला असतात, तर तो लगेच उपाय शोधायला लागला असता, रजा टाकतो म्हणाला असता, नर्स ठेवू म्हणाला असता. आत्या-मावशीला बोलला असतात, तर तीच गोष्ट दोन दिवसांत उलटी फिरून तुमच्याकडे आली असती. मालद्याच्या माणसाला तुमच्या वाक्याचं काहीच करायचं नव्हतं. त्यांनी ते ऐकलं, एवढंच. त्यामुळे 'एका अनोळखी पुरुषाजवळ मी असं कसं बोलले' हा प्रश्न तुम्ही स्वतःला घालून घेऊ नका. अशा वेळी माणूस अनोळखी माणसाजवळच बोलतो.

आता तुम्ही जे बोललात त्याकडे येते. पत्रात तुम्ही ते एका ओळीत लिहून पुढे गेलात, पण तुम्हाला झोपू देत नाहीये ते तेच आहे, असं मला वाटतं.

"मुझे सोना है." ताई, हे अगदी शब्दशः खरं होतं. अन्ननलिकेच्या आजारात गिळता येईनासं झालं, की नाकातून नळी घालतात. मग दर दोन तासांनी पातळ केलेलं खाणं. वरणाचं पाणी, दूध, मिक्सरमधून काढून दोनदा गाळलेली पेज. मोठ्या सिरिंजने ते हळूहळू सोडायचं, घाई केली तर उलटी होते. नंतर पाणी सोडून नळी धुवायची, कारण ती चोंदली तर बदलायला पुन्हा हॉस्पिटल. माणसाला उठवून बसवायचं, थोडा वेळ तसंच ठेवायचं. हे एकदा झालं की तास-सव्वा तासात पुढच्या वेळेची तयारी. त्यात डोंबिवलीहून दादर, दादरहून परळ, टोकन, रक्ततपासणी, स्कॅनची तारीख, औषधाची रांग, बँकेतली रजा आणि मुलीचा डबा. हे महिनोन्‌महिने करणाऱ्या बाईला झोपायचं असणारच. तिने तसं म्हटलं, तर तिचं वडिलांवरचं प्रेम तसूभरही कमी होत नाही.

जागतिक आरोग्य संघटनेने त्रास हलका करणाऱ्या, म्हणजे पॅलिएटिव्ह, उपचाराची व्याख्या केली आहे, तीत पेशंटबरोबर त्याच्या कुटुंबालाही धरलं आहे. घरातल्याची झोप, थकवा, भीती यांची काळजी घेणंही त्यात येतं. तुमच्या वाट्याला हे आलं नाही. अण्णांचं वजन, अण्णांचं हिमोग्लोबिन, अण्णांचं जेवण हे सगळ्यांनी विचारलं असेल. 'तू झोपलीस का?' हे कुणी विचारलं होतं? त्या जुलैच्या आत कधी एकदा जरी कुणी विचारलं असतं, तर ते वाक्य बहुधा घरातच बोलून झालं असतं.

आणि आठवून बघा. जानेवारीत घरी भेटायला आलेल्यांनी काय म्हटलं? "सुटले बिचारे. फार हाल झाले." शेजाऱ्यांनी म्हटलं, नातेवाइकांनी म्हटलं, कदाचित भावानेही म्हटलं असेल, आणि त्यात कुणाला काही वावगं वाटलं नाही. तुम्ही तेच सहा महिने आधी म्हणालात. फरक इतकाच, की तेव्हा अण्णा होते, आणि त्यांच्याबरोबर तुम्हीही सुटायला बघत होतात. स्वतःला त्यात धरलंत, याचीच तुम्हाला लाज वाटतेय. मला त्यात लाजेसारखं काही दिसत नाही. हाल दोघांचे चालले होते.

त्या गृहस्थांनी तुम्हाला काय उत्तर दिलं, ते पुन्हा वाचा. 'ऐसा नहीं बोलते' असं ते म्हणाले नाहीत. 'सब ठीक हो जाएगा' असंही नाही. रोज तसं म्हणतो आणि रोज औषधाच्या रांगेत उभा राहतो, एवढंच म्हणाले. दोन्ही खरं आहे आणि दोन्ही एकाच माणसाचं आहे. दुसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही काय केलंत, हे पत्रात लिहिलेलं नाही. पण अण्णा त्यानंतर जानेवारीपर्यंत होते, म्हणजे तुम्ही काय केलंत ते मला कळतं. तुम्हीही वॉर्डात परत गेलात.

नवऱ्याला हे सांगा. त्या गृहस्थांना शोधण्यात जो जीव घालवणार होतात, तो इकडे घाला. मला वाटतं, एक वाक्य एकाच माणसाला सांगून ठेवलंय आणि तो माणूस हाताला लागत नाही, म्हणून तुम्ही अस्वस्थ आहात. ते ऐकलेलं आणखी एक माणूस घरात असलं, तर मालद्याकडची ओढ बरीच कमी होईल.

कसं सांगायचं? मुलीसमोर नको, आणि समोरासमोर बसून 'मला तुझ्याशी बोलायचंय' असंही नको, त्याने समोरचा आधीच घाबरतो. रात्री ओटा आवरताना, एक जण भांडी विसळतोय आणि एक जण पुसतोय, अशा वेळी बोला. 'रागावणार नाहीस ना?' असं सुरुवातीला विचारू नका, कारण मग सगळं बोलणं कबुलीजबाबासारखं होतं. सरळ त्या रात्रीपासून सुरू करा. गाड्या बंद होत्या, तू अडकला होतास, मी खाली चहाला गेले, तिथे एक काका बसले होते. पुठ्ठ्याचं सांगा, मुरमुऱ्यांचं सांगा. मग तुम्ही काय म्हणालात ते तुमच्या शब्दांत, जसंच्या तसं सांगा. सौम्य करू नका.

अनोळखी पुरुष म्हणून त्याला काही वाटेल, असं मला वाटत नाही. वाटलं तर दुसरंच वाटेल. 'मला का नाही सांगितलंस?' हे तो विचारेल, आणि त्यात दुखावलेपण असेल. त्यावर सफाई देत बसू नका. 'तुला सांगितलं असतं, तर तू काहीतरी करायला धावला असतास, आणि मला त्या वेळी फक्त बोलायचं होतं' हे खरं आहे, ते सांगा. मग थोडं थांबा, कारण त्याच्याकडेही काहीतरी असेल. त्या वर्षभर मुलीची शाळा, तिचा ताप, रात्री-अपरात्री तुमच्या फोनची वाट बघणं हे त्याने एकट्याने काढलंय. 'हे संपावं' असं त्यालाही कधी वाटलं असेल, आणि सासऱ्यांबद्दल असं वाटतंय म्हणून तो तुमच्याहून जास्त गप्प बसला असेल. त्याने तसं काही बोलून दाखवलं, तर ऐकून घ्या.

भावाला हे वाक्य इतक्यात सांगू नका. त्याच्याशी तुमचा हिशेब वेगळा आहे. "तो पैसे पाठवायचा आणि रविवारी व्हिडिओ कॉल करायचा" या तुमच्या वाक्यात राग आहे, आणि तो रास्त आहे. पण हे आणि ते एकत्र बोललात, तर त्याला वाटेल, मी नव्हतो म्हणून हिला बाबांचं मरण चिंतावं लागलं. आणि ते तो आयुष्यभर मनात धरून बसेल. वर्षश्राद्धाला तो येईल, तेव्हा चार माणसांत हा विषय काढू नका. त्याआधी कधीतरी फोनवर त्याला नळीचं सांगा, दोन तासांच्या पाळीचं सांगा, काय काय करावं लागायचं ते सगळं तपशिलात सांगा. त्याला खरंच माहीत नसेल. व्हिडिओ कॉलच्या वेळी आपण अण्णांना उशीला टेकवून, केस विंचरून बसवतो. पडद्यावर त्याला तेवढंच दिसलं.

या सगळ्यानंतरही महिनाभरात झोप परत आली नाही, सकाळी उठवेनासं झालं किंवा जेवण जाईनासं झालं, तर समुपदेशकाकडे जा. सरकारची टेलिमानस ही मानसिक आरोग्याची फोनसेवा २०२२ पासून सुरू आहे. क्रमांक १४४१६, दिवसरात्र, पैसे लागत नाहीत आणि मराठीतही बोलता येतं. वर्षभर जागरण केलेल्या शरीराला आपण आता मोकळे झालो, हे आपोआप कळत नाही. मदत लागते.

आणि त्या गृहस्थांसाठी काहीच करायचं नाही का? करता येईल, त्यांचं नाव-गाव न काढताही. केमो घेणाऱ्यांच्या रक्तातल्या प्लेटलेट एकदम खाली येतात. बाहेरून दिलेल्या प्लेटलेट जेमतेम पाच दिवस टिकतात, म्हणून त्यांचा साठा करून ठेवता येत नाही, देणारी माणसं सतत लागतात. मुंबईत नातेवाईक असलेल्याला भाऊ, भाचा, ऑफिसमधले मित्र मिळतात. मालदा, दरभंगा, सिल्चरहून आलेल्याने कुणाला हाक मारायची? हॉस्पिटलच्या रक्तपेढीत कुणीही जाऊन नाव देऊ शकतं. आधी तपासणी होते, वजन, हिमोग्लोबिन आणि हाताची शीर बघतात. सगळं जुळलं तर प्लेटलेट द्यायला साधारण दीड तास लागतो. शीर बारीक आहे म्हणून नको म्हणाले, तर साधं रक्तदान करा. त्यासाठी हिमोग्लोबिन साडेबारा लागतं आणि वजन किमान ४५ किलो.

त्या इमारतीत पुन्हा पाऊल टाकायला तुम्हाला जड जाईल, म्हणून पहिल्यांदा नवऱ्याला बरोबर न्या. जाण्याआधी फोन करून वेळ विचारून घ्या. आदल्या रात्री नीट झोपा आणि उपाशीपोटी जाऊ नका.